गॉडझिलाला बोलतं करणारा लेखक : शिनिची सेकिझावा

रीळवाला (धागाकर्ता)

गॉडझिलाचे धागे इथे आधीही निघालेत, पण दर वेळी गाडी रबरी सूट, खेळण्यातल्या इमारती आणि आगीचे लोट याच्यापुढे सरकत नाही. फार तर इशिरो होंडा आणि एइजी त्सुबुराया ही दोन नावं येतात, एक दिग्दर्शक आणि एक स्पेशल इफेक्ट्सचा बाप. पण तो प्राणी शहरात आला का, तो यायच्या आधी माणसं काय करत होती, तो गेल्यावर कोण कोणाला काय बोललं, हे सगळं कोणीतरी बसून लिहिलंय ना, त्या माणसाबद्दल अवाक्षर नाही. म्हणून हा धागा फक्त शिनिची सेकिझावासाठी.

जन्म १९२० चा, क्योतोचा. आधी ओढा कार्टून आणि अ‍ॅनिमेशनकडे, मग युद्ध, सैन्यात भरती, दक्षिण पॅसिफिककडे रवानगी. परत आल्यावर हिरोशी शिमिझु या दिग्दर्शकाच्या हाताखाली उमेदवारी केली. शिमिझुने युद्धात अनाथ झालेल्या खऱ्याखुऱ्या मुलांना घेऊन १९४८ साली सिनेमा काढला होता, तिथे हा होता. १९५६ मध्ये उडत्या तबकड्यांवरचा एक छोटा सिनेमा स्वतः दिग्दर्शितही केला. म्हणजे तोहो स्टुडिओच्या राक्षसपटांत शिरला तेव्हा चांगला छत्तीस-अडतीस वर्षांचा होता आणि बरंच काही बघून आलेला होता.

तोहोसाठीची पहिली राक्षसकथा म्हणजे १९५८ चा वारान. हा सिनेमा मुळात अमेरिकन टीव्हीसाठी ठरलेला, तो बेत मधेच बारगळला आणि आहे त्यातच थेटरचा सिनेमा उभा केला, त्यामुळे तो ठिगळं लावल्यासारखाच वाटतो, त्यावर वेळ घालवू नका. त्याची खरी सुरुवात मी १९६१ च्या मोथ्रापासून धरतो.

मोथ्राची मूळ गोष्ट तीन मोठ्या साहित्यिकांनी मिळून एका साप्ताहिकासाठी लिहिलेली. सेकिझावाने त्यातल्या चार पऱ्या कमी करून दोन जुळ्या केल्या, त्या भूमिका त्या काळात गाजत असलेल्या 'द पीनट्स' या जुळ्या गायिका बहिणींना मिळाल्या, आणि सिनेमाचा अख्खा तोलच बदलला. बघा काय होतं त्यात. अणुचाचण्या झालेल्या एका बेटावर मोहीम जाते, तिथे वीतभर उंचीच्या दोन मुली सापडतात. नेल्सन नावाचा माणूस त्यांना पळवून टोकियोत आणतो आणि तिकीट लावून रंगमंचावर गायला लावतो. त्या गातात, प्रेक्षक टाळ्या वाजवतात. ते गाणं म्हणजे हजारो मैलांवरच्या मोथ्राला, त्या बेटाची देवता असलेल्या अजस्र पतंगकिड्याला, मारलेली हाक आहे हे थेटरातल्या कुणाच्या गावीही नसतं. मधे पत्रकार आणि संशोधक त्यांना चोरून भेटतात तर त्या मुली त्यांची समजूत काढतात की मोथ्रा आम्हाला न्यायला येणारच, तिला चांगलं-वाईट कळत नाही, वाटेत तुमची माणसं मरतील याचं आम्हाला वाईट वाटतं. पिंजऱ्यात कोंडलेलं माणूस आपल्याच सुटकेबद्दल दिलगिरी व्यक्त करतंय! राक्षसपटात हा प्रसंग लिहायचं सुचणं हीच मला त्या माणसाची ताकद वाटते.

आणि नेल्सनला हात कोणी लावू शकत नाही कारण तो 'रोलिसिका' या बड्या देशाचा, त्यांचा दूतावास त्याच्या पाठीशी. नाव काल्पनिक, पण अर्धी अमेरिका अर्धी रशिया हे शेंबडं पोरही ओळखेल. अमेरिकेबरोबरच्या सुरक्षा कराराविरुद्ध टोकियोचे रस्ते माणसांनी भरून गेले होते ते १९६० साल. त्याच्या पुढच्याच वर्षी, उन्हाळ्याच्या सुट्टीत, पोराबाळांसकट बघायच्या सिनेमात हे चाललंय.

पुढच्या वर्षीचा किंगकाँग विरुद्ध गॉडझिला घ्या. लोक म्हणतात इथून गॉडझिलाचा विनोद झाला. मी म्हणतो इथे सेकिझावाला त्याचा खरा विषय सापडला. सिनेमाचा मध्यवर्ती माणूस कोण, तर ताको नावाचे एका औषध कंपनीच्या जाहिरात विभागाचे साहेब. कंपनी टीव्हीवर एक विज्ञानाचा कार्यक्रम स्पॉन्सर करते, तो कोणी बघत नाही, साहेब वैतागलेले. त्यांना कळतं की दूर एका बेटावर राक्षस आहे, झालं, आणा उचलून, आपल्या कंपनीचा राक्षस! मधेच गॉडझिला बर्फातून बाहेर पडतो आणि पेपरात त्याचीच बातमी झळकते तर यांना त्याचा हेवा वाटतो, आमचा राक्षस का नाही पहिल्या पानावर. काँगला तराफ्यावर बांधून आणत असताना सरकारी अधिकारी बोटीवर येऊन सांगतो की हा प्राणी तुम्ही आणताय, तेव्हा त्याने केलेल्या नुकसानाची जबाबदारी तुमची. ताकोसाहेबांचा तो चेहरा बघाच. इचिरो आरिशिमाने तो माणूस असा उभा केलाय की आपल्या ओळखीच्या दोन-चार बॉसची आठवण यावी.

आता यामागचं साल बघा. जपानमध्ये टीव्हीची कनेक्शनं एक कोटीच्या वर गेली ती मार्च १९६२ मध्ये, आणि हा सिनेमा आला त्याच वर्षी ऑगस्टमध्ये. १९५८ ला जपानी थेटरांत वर्षाला ११२ कोटींहून जास्त तिकिटं खपत होती, तिथून आकडा धडाधड खाली येत होता, कारण घरात टीव्ही. म्हणजे टीव्हीने ज्या धंद्याचं कंबरडं मोडत आणलं होतं त्याच धंद्यातला एक नोकरदार लेखक टीव्हीच्या स्पॉन्सरला पडद्यावर आणून बसवतो आणि लोक तोबा गर्दी करतात! जपानमध्ये थेटरात सगळ्यात जास्त माणसांनी बघितलेला गॉडझिलापट आजही हाच.

सेकिझावाच्या गोष्टीत राक्षस हा खलनायक नसतोच. खलनायक असतो हिशोबाची वही घेऊन बसलेला माणूस. त्याला 'पोरकट लेखक' म्हणणाऱ्यांनी हे एकदा नीट बघावं असं मला मनापासून वाटतं.

बाकी प्रतिसादांत.

---

त्रिज्या

मस्त लिहिलंय. मोथ्रा लहानपणी केबलवर इंग्रजीत डब केलेला बघितला होता, नेल्सन आठवतोय, बाकी सगळं डोक्यावरून गेलं होतं. एक विचारायचं होतं, किंगकाँगवाल्या सिनेमाचे दोन शेवट आहेत ना? अमेरिकेत काँग जिंकतो आणि जपानमध्ये गॉडझिला, असं कुठेतरी वाचलेलं.

---

रीळवाला

@त्रिज्या, ही जुनी अफवा आहे, शेवट एकच. दोघं समुद्रात पडतात, काँग वर येऊन पोहत आपल्या बेटाकडे निघतो, दोन्हीकडे हेच. फरक आहे तो वेगळाच आणि जास्त वाईट. अमेरिकन आवृत्तीत मधेमधे एक बातम्या देणारा निवेदक घुसवलाय, अकिरा इफुकुबेचं संगीत बरंचसं काढून टाकलंय आणि ताकोसाहेबांचा भाग कापून कापून कोरडा केलाय. म्हणजे सेकिझावाने जे लिहिलं नेमकं तेच गेलं. बाहेरच्या जगात त्याची ओळख 'फालतू राक्षसपट लिहिणारा' अशी झाली त्यात या कात्रीचा मोठा वाटा आहे, कारण बहुतेकांनी त्याचं लिखाण बघितलंय ते असं अर्धंमुर्धं.

---

जुनी_वही

लेख आवडला पण मी थोडी विरुद्ध बाजू मांडतो. तोहोकडे त्या काळात दोन लेखक होते, सेकिझावा आणि ताकेशी किमुरा. रोडान, ह्युमन व्हेपर, गोराथ, मातांगो हे किमुराचे. किमुरा एकेकाळी कम्युनिस्ट पक्षात होता, आणि त्याच्या गोष्टींतलं जग अंधारलेलं असतं. मातांगो (१९६३) बघा, यॉट घेऊन मजा करायला निघालेली श्रीमंत मंडळी वादळात सापडून एका बेटावर अडकतात, खायला काही नाही, फक्त अळंबी, आणि ती खाल्ली की माणूस स्वतःच हळूहळू अळंबी होत जातो. अन्नासाठी एकमेकांचे गळे धरतात, कोणी कोणाला वाचवत नाही. शेवट असा आहे की नंतर दोन दिवस डोक्यातून जात नाही. त्यानंतर किमुराने काओरु माबुची या टोपणनावानेच लिहिलं.

माझा मुद्दा असा, की सेकिझावाची टीका बोचते पण दुखत नाही. नेल्सन मरतो, मोथ्रा मुलींना घेऊन उडून जाते, सगळे हात हलवतात. व्यवस्था तशीच राहते. किमुरा तुम्हाला तसं सोडत नाही. १९५४ च्या पहिल्या गॉडझिलात जी भीती होती तिचा खरा वारस किमुरा आहे, सेकिझावा नाही.

---

रीळवाला

@जुनी_वही, मातांगोबद्दल शंभर टक्के सहमत, तोहोच्या सगळ्या विज्ञानपटांत तो वेगळ्याच उंचीवर आहे. पण 'दुखत नाही' हे नाही पटत. तुम्ही १९६४ चा मोथ्रा विरुद्ध गॉडझिला परत बघा, त्यातल्या दोन जागा सांगतो.

पहिली जागा. वादळानंतर किनाऱ्याला एक प्रचंड अंडं लागतं. गावातले कोळी ते कुमायामा नावाच्या एका धंदेवाईक माणसाला विकून टाकतात, आणि किंमत ठरते कशी तर कोंबडीच्या अंड्याच्या ठोक भावाने, एवढ्या आकारात किती अंडी मावतील त्याचा हिशोब करून! कंपनीचं नाव 'हॅपी एंटरप्रायझेस'. संशोधक म्हणतोय अहो हे शास्त्राच्या दृष्टीने महत्त्वाचं आहे, तो कुमायामा म्हणतो पावती आहे माझ्याकडे. त्या जुळ्या पऱ्या स्वतः विनवायला येतात, मोथ्राचं अंडं परत द्या, तर कुमायामा आणि त्याचा पैसेवाला भागीदार तोराहाता त्यांनाच विकत घ्यायची बोलणी सुरू करतात. पुढे धंद्यात तोटा येतो, हॉटेलच्या खोलीत दोघांची जुंपते, कुमायामा भागीदाराला रक्त निघेपर्यंत मारतो आणि खणातल्या नोटा काढायला लागतो. तोराहाता जमिनीवरून मान वर करतो तर खिडकीत गॉडझिला येताना दिसतोय. त्या क्षणी माणूस काय करेल, पळेल ना? तो पिस्तूल काढून भागीदाराला गोळी घालतो, आणि मग नोटा गोळा करायला लागतो. त्यातच इमारत कोसळते. राक्षस खिडकीत आहे आणि यांची नजर नोटांवर, यापेक्षा जास्त कडवट काय लिहायचं कोणी?

दुसरी जागा मला जास्त महत्त्वाची वाटते. गॉडझिलाला थोपवायला मोथ्राची मदत मागायला पत्रकार आणि संशोधक बेटावर जातात. तिथे अणुचाचण्यांनी सगळं उजाड झालेलं, हाडं पडलेली. बेटावरची माणसं सरळ 'नाही' म्हणतात. तुम्ही आमच्या देवाचा अग्नी वापरलात, आमचं बेट जाळलंत, आमचं अंडंही परत दिलं नाहीत, आणि आता मदत मागता? पत्रकारांकडे उत्तर नसतं, ते परत फिरायलाच लागतात. मग ती फोटोग्राफर मुलगी म्हणते की तिकडे वाईट माणसं आहेत तशी चांगलीही मरतायत, गॉडझिला त्यांच्यात फरक करणार नाही. हा भाग कोणत्याही गंभीर नाटकात शोभेल. मदत मागणाऱ्याला आधी आरसा दाखवल्याशिवाय मदत मिळत नाही.

किमुराच्या गोष्टींत माणसाच्या सुधारण्यावर विश्वास नाही, सेकिझावाच्या गोष्टींत आहे, एवढाच फरक मी मानतो. कोण मोठा हे मी म्हणत नाही.

---

पावसाळी_ढग

या धाग्यावर मला त्याची दुसरी कारकीर्द आणायलाच हवी कारण मी आले ती त्या वाटेने. मी जपानी शिकत असताना आमच्या सेन्सेईंनी जुनी एन्का गाणी ऐकायला लावली होती. एन्का म्हणजे दुःख, विरह, बंदर, पाऊस, दारूचा गुत्ता असं सगळं असलेली त्यांची लोकप्रिय गाणी. त्यात हिबारी मिसोराचं 'यावारा' होतं, ज्युदोवरचं, १९६४ चं, टोकियो ऑलिंपिकमध्ये ज्युदो पहिल्यांदा आला त्याच वर्षीचं. संगीत मासाओ कोगाचं. पुढच्या वर्षी जपान रेकॉर्ड अवॉर्ड याच गाण्याला. गाण्याची सुरुवात अशा अर्थाची आहे की जिंकेन असं मनात आणलंस की हरलास. हे शब्द जपानमध्ये म्हणीसारखे वापरले जातात अजून.

आणि गीतकार शिनिची सेकिझावा! तोच!

मिसोरा हिबारी म्हणजे तिथे केवढं नाव हे वेगळं सांगायला नको. एवढंच नाही, हारुमी मियाकोचं 'नामिदा नो रेन्राकुसेन' (१९६५), बोटीच्या भोंग्याचं आणि बंदरावर वाट बघणाऱ्या बाईचं, तेही त्याचंच. हिदेओ मुराताचं 'मिना नो शू' त्याचं. झेनिगाता हेइजी नावाची टीव्हीवरची पोलीस मालिका, एडो काळातली, ८८८ भाग चालली, तिचं काझुओ फुनाकीने गायलेलं शीर्षकगीतही त्याचंच. म्हणजे १९६४ ते ६६ या तीन वर्षांत हा माणूस एकीकडे तीन डोक्यांचा घिदोरा लिहितोय आणि दुसरीकडे अख्खा देश गुणगुणेल अशी गाणी.

---

उकडीचा_मोदक

@पावसाळी_ढग, हे भारीच! आपल्याकडे गदिमांचं असंच नव्हतं का, पटकथाही त्यांची आणि गाणीही त्यांची, दोन्हीकडे सारखाच हात. गंमत म्हणजे दोघं जवळजवळ एकाच वयाचे, गदिमा १९१९ चे.

मोथ्राचं गाणंही मग सेकिझावाचंच का?

---

पावसाळी_ढग

@उकडीचा_मोदक, त्यात त्याचा वाटा आहे. गाण्याच्या श्रेयात एक टोपणनाव आहे, त्यामागे निर्माता तोमोयुकी तनाका, दिग्दर्शक होंडा आणि सेकिझावा हे तिघं. चाल युजी कोसेकीची. शब्द आधी जपानीत लिहिले, मग त्यांचं इंडोनेशियन भाषेत भाषांतर करून घेतलं आणि पीनट्स बहिणींनी ते गायलं. ऐकणाऱ्या जपानी माणसाला अर्थ कळू नये पण हाक मारतायत एवढं कळावं, असं. दोन आवाज इतके एकमेकांत मिसळतात की एकच बाई गातेय असं वाटतं.

मला त्याच्या गाण्यांत आणि पटकथांत एक धागा दिसतो. त्याच्या गाण्यातलं माणूस कायम कोणाला तरी हाक मारतंय किंवा कोणाची तरी वाट बघतंय, आणि मोथ्राची अख्खी गोष्ट त्याच एका हाकेवर उभी आहे. नेल्सन त्या हाकेला तिकीट लावतो हाच त्याचा गुन्हा. म्हणून मला त्याची पटकथा हलकीफुलकी नाही वाटत, गाण्यासारखी वाटते.

---

रीळवाला

@पावसाळी_ढग, तुमच्या प्रतिसादाने धाग्याचं सोनं झालं.

हाकेवरून घिदोराचा (डिसेंबर १९६४) तो प्रसंग आठवला ज्याच्यावरून मी धाग्याला हे नाव दिलं. हा सिनेमा घाईत झालेला, कुरोसावाचा 'रेड बिअर्ड' हा सिनेमा लांबला म्हणून नववर्षाच्या मोसमाला काहीतरी मोठं हवं होतं. त्यात घिदोरा पृथ्वीवर येतो, मोथ्रा अजून अळी आहे, तिच्या एकटीने होणारं काम नाही. समोर गॉडझिला आणि रोडान, तो उडणारा राक्षस, एकमेकांवर दगड फेकत भांडतायत. अळी त्या दोघांवर धागे फेकून त्यांना थांबवते आणि बोलायला लागते, चला तिघं मिळून लढू. पऱ्या माणसांना भाषांतर करून सांगतात. गॉडझिला म्हणतो माणसांना वाचवायचं कारण काय, ती कायम आमच्या जिवावर उठलेली असतात. रोडानचंही तेच म्हणणं. मोथ्रा वाद घालत बसत नाही, एकटीच निघते. घिदोरा तिला उलथापालथा करतो, ती परत उठते, परत पडते. आणि हे दोघं लांबून बघत असतात. मग गॉडझिला पुढे होतो.

दहा वर्षांपूर्वी ज्याने टोकियोची राख केली त्याला बाजू बदलायची आहे, आणि ती फक्त एका चर्चेत आणि एका कृतीत बदलून दाखवायची आहे, ही लेखकासाठी महाकठीण गोष्ट होती. त्याने ती केली, आणि गॉडझिलाची तक्रार खोटी न ठरवता केली. माणसं वाईट वागतात हे तिथे कोणी नाकारतच नाही.

---

खिडकीजवळ

वाचतेय सगळं, छान चाललाय धागा. पण तुम्ही सगळे ६५ पर्यंतच थांबलाय. पुढचं काय? १९६६ चा एबिरा, तो कोळंबीवाला, त्यात गॉडझिला बराच वेळ झोपलेला असतो आणि विजेने जागा होतो, मग उगाच त्या बेटावरच्या मुलीकडे बघत बसतो. आणि १९६९ चा तर अर्धा सिनेमा जुन्या सिनेमांची दृश्यं जोडून केलाय. इथे तो थकला होता असं नाही का वाटत तुम्हाला?

---

जुनी_वही

@खिडकीजवळ, एबिराचं कारण साधं आहे. ती पटकथा मुळात किंगकाँगसाठी लिहिलेली. अमेरिकन कंपनीबरोबर मिळून काँगचा सिनेमा करायचा होता, ते फिसकटलं आणि काँगच्या जागी गॉडझिला घातला. विजेने ताकद येणं, मुलीत रस घेणं हे सगळं काँगचं सामान आहे. दिग्दर्शकही होंडा नव्हे, जुन फुकुदा. तरी त्यातही बेटावरच्या लोकांना पकडून राबवणारी सशस्त्र टोळी आहे, 'रेड बांबू', आणि त्या लोकांनी मोथ्राला मारलेली हाक आहे. सेकिझावा दिसतोच.

१९६९ च्या सिनेमावर मात्र मी धागाकर्त्यापेक्षा जास्त बोलीन, कारण इथे मला किमुरापेक्षा सेकिझावा मोठा वाटतो, हे आधीच्या प्रतिसादाच्या विरुद्ध असलं तरी. सगळे त्याला मालिकेतला सगळ्यात वाईट सिनेमा म्हणतात. गोष्ट बघा. कावासाकी, कारखान्यांचं शहर, धूर, ट्रक. इचिरो नावाचा शाळकरी मुलगा, आईबाप दोघं कामावर, गळ्यात घराची किल्ली. जपानमध्ये तेव्हा अशी किल्लीवाली पोरं घरोघरी दिसू लागली होती. घरी कोणी नाही, वाटेत दादागिरी करणारी पोरं. तो डोळे मिटून राक्षसांच्या बेटावर जातो, तिथे गॉडझिलाचं पोरगं मिनिया त्याच्याशी माणसासारखं बोलतं, त्यालाही एक गुंड राक्षस छळतोय. अख्ख्या सिनेमात जगात खरा राक्षस एकही नाही! आहे तो फक्त त्या पोराच्या डोक्यात. गॉडझिला आता मुलांच्या सुट्टीतल्या 'चॅम्पियन मात्सुरी' नावाच्या खेळात दाखवला जाणार होता, बजेट तुटपुंजं, जुनी दृश्यं वापरा असं फर्मान. तर या माणसाने त्या अडचणीतूनच वाट काढली, की जुनी दृश्यं म्हणजे पोराने आधी बघितलेले सिनेमे, तो तेच आठवणार ना. थकलेला लेखक एवढा विचार करत नाही.

---

त्रिज्या

अरे देवा, गळ्यात किल्ली! मी स्वतः तसाच वाढलो, आई-बाबा दोघंही नोकरीला, शेजारच्या काकूंकडे डबा. हा बघायलाच हवा.

---

उकडीचा_मोदक

युद्धाबद्दल त्याने कुठे लिहिलंय का सिनेमात? सैनिक होता म्हणताय, पण या सगळ्यात ते थेट दिसत नाही.

---

रीळवाला

@उकडीचा_मोदक, दिसतं, आणि राक्षस नसलेल्या सिनेमांत जास्त दिसतं. १९६० चा टेलिजियन बघा, फुकुदाचाच. युद्ध संपताना वरिष्ठांनी सोनं लाटलं आणि आड येणाऱ्या एका सैनिकाला मरायला सोडलं. तो जिवंत राहतो आणि चौदा वर्षांनी एका यंत्राने स्वतःला इकडून तिकडे पाठवत एकेकाला संगिनीने मारत सुटतो. त्याचे ते वरिष्ठ आता काय करतायत, तर धंदा. त्यातल्या एकाचा नाइटक्लब आहे जिथे पोरी लष्करी गणवेशात दारू आणून देतात. युद्धाचा बाजार मांडलाय! परत हिशोबाची वही आलीच बघा.

मग १९६३ चा अ‍ॅट्रागॉन. कॅप्टन जिंगुजी युद्ध संपलं हे मानायलाच तयार नाही, जवळजवळ वीस वर्षं एका बेटावर लपून अजस्र पाणबुडी बांधतोय जी उडतेही, कशासाठी तर जपानचं साम्राज्य परत उभं करायला. समुद्राखालचं मू साम्राज्य जगावर हल्ला करतं, सगळे त्याला म्हणतात ही बोट जगासाठी दे, तो म्हणतो ही फक्त जपानसाठी आहे. लहानपणी सोडून दिलेली त्याची मुलगी त्याच्यासमोर येते आणि त्याला सरळ सुनावते. ती निघून जाते, तो एकटाच उभा राहतो. स्वतः गणवेश घातलेल्या लेखकाने हे मुलीच्या तोंडी दिलंय हे मला फार महत्त्वाचं वाटतं. लोक त्या पाणबुडीची मॉडेलं विकत घेतात आणि हा प्रसंग विसरतात.

किहाची ओकामोतो या दिग्दर्शकासाठीही त्याने लिहिलंय, गुंडांचे सिनेमे आणि युद्धावरचा 'डेस्पेराडो'चा दुसरा भाग (१९६०). सिनेमात माणसं पटापट बोलतात, अर्धं वाक्य एकाने टाकायचं अर्धं दुसऱ्याने उचलायचं, ती सवय राक्षसपटांत इथूनच आली असं माझं मत.

---

खिडकीजवळ

ठीक आहे, एबिरा मागे घेते. पण ७० नंतरचं? गायगन?

---

रीळवाला

@खिडकीजवळ, १९७२ चा गायगन फार बरा सिनेमा नाही, जुनी दृश्यं त्यातही ठासून भरलीत. पण नायक बघा, कामाच्या शोधात फिरणारा मंगा-चित्रकार. तो राक्षसांची कल्पना घेऊन जातो, एक गृहपाठाचा राक्षस आणि एक 'मामागॉन', म्हणजे फार कडक आयांचा राक्षस. सेकिझावा स्वतः तरुणपणी चित्रं काढणारा, त्यामुळे त्या पात्रात मला तोच दिसतो. आणि ज्यांच्याकडे तो नोकरीला लागतो ती मंडळी 'मुलांसाठी शांततेची बाग' उभारतायत, मधोमध गॉडझिलाच्या आकाराचा टॉवर, आणि खरं तर ते परग्रहावरून आलेले झुरळ आहेत. शांततेच्या नावाने तिकीटघर! पुढे मेगालॉन आणि १९७४ चा मेकागॉडझिला यांच्या फक्त कथेत त्याचं नाव आहे, पटकथा दुसऱ्यांनी लिहिली, आणि तो फरक जाणवतो, माणसं एकमेकांशी बोलायची थांबलीत असं वाटतं.

टीव्हीवरही त्याने काम केलं, अल्ट्रामॅनच्या पहिल्याच भागाच्या (१९६६) श्रेयात तेत्सुओ किंजोबरोबर त्याचं नाव आहे. नंतर मात्र त्याला वाफेच्या इंजिनांचे फोटो काढायचा नाद लागला आणि त्यातही तो नावाजला गेला. सत्तरच्या दशकाच्या मध्यावर जपानी रेल्वेने वाफेची इंजिनं बंद केली, त्याच्या आधी कॅमेरा घेऊन त्यांच्या मागे फिरणारे जे वेडे होते त्यातला हा एक. वारला १९९२ मध्ये.

---

त्रिज्या

बरं, मग नवख्याने कुठून सुरू करायचं ते सांगा. माझी मुलगी आठ वर्षांची आहे, तिच्याबरोबर बघायचाय.

---

जुनी_वही

@त्रिज्या, मुलीबरोबर मोथ्रा (१९६१) आधी, मग घिदोरा. मातांगो तिला दाखवू नका, झोपणार नाही.

---

रीळवाला

@त्रिज्या, मीही मोथ्राच म्हणेन, पण जपानी भाषेतला, सबटायटल्सचा. मुलीला वाचायला जड जात असेल तर तुम्ही शेजारी बसून मराठीत सांगा, संवाद सोपे आहेत. मग १९६४ चे दोन्ही. किंगकाँगवाला घ्यायचा असेल तर जपानी आवृत्तीच शोधा, त्यात सुरुवातीला टीव्ही स्टेशन आणि ताकोसाहेबांचं ऑफिस येतं. सुरुवातीलाच बातम्या देणारा गोरा माणूस दिसला की ती अमेरिकन आवृत्ती समजा आणि बंद करा. १९६९ चा तिला थोडी मोठी झाल्यावर, आणि तो तुम्ही आधी एकट्याने बघा.

@पावसाळी_ढग, तेवढं त्याच्या गाण्यांवर वेगळा धागा काढाच. 'नामिदा नो रेन्राकुसेन'चे शब्द कडव्याकडव्याने मराठीत समजावून सांगितलेत तर इथले बरेच जण वाचतील.

---

पावसाळी_ढग

काढते. आधी मिसोरा हिबारीपासून सुरू करेन, मग मुराता, मग मियाको. मोथ्राचं गाणं मात्र सगळ्यात शेवटी घेते, त्याचा इंडोनेशियन पाठ शब्दाशब्दाने लावायचाय आणि त्यासाठी जाकार्तातल्या एका मैत्रिणीला बसवते.